ग्रंथ बोलत नाही, माणसं बोलतात

यंदा आमच्या तालुक्याच्या गावी व्याख्यानमालेत ‘इस्लाम आणि लोकशाही’ असा परिसंवाद झाला. सभागृह भरलं होतं, मागच्या दारापाशी लोक उभे होते. एका वक्त्यानं कुराणातली ‘शूरा’ची आयत वाचली, आपसांत सल्लामसलत करून कारभार करणाऱ्यांची, आणि म्हणाला, बघा, लोकशाही आमच्याकडे चौदाशे वर्षांपासून आहे. दुसऱ्यानं लगेच ‘हुकूम फक्त अल्लाहचा’ ही आयत काढली आणि म्हणाला, बघा, यांच्यात माणसानं केलेल्या कायद्याला जागाच नाही. पुढचे दोन तास आयतींची अशीच फेकाफेक चालली होती. इराणचं नाव अनेकदा निघालं, पाकिस्तानचं त्याहून जास्त. पण तिथे उमेदवार कोण ठरवतं, न्यायाधीश कोण नेमतं, सर्वोच्च माणसाला खुर्चीवरून खाली कोण खेचू शकतं, याबद्दल कुणी एक वाक्य बोललं नाही. टाळ्या मात्र दोघांनाही पडल्या. मी चडफडत घरी आलो.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. राज्याच्या नावाला ‘इस्लामी’ हे विशेषण लागलं की धर्म राज्याच्या डोक्यावर बसतो, असं हे दोन्ही वक्ते गृहीत धरून चालले होते. एकाला ते आवडतं, दुसऱ्याला आवडत नाही, एवढाच फरक. गेल्या पंचाहत्तर वर्षांचा अनुभव सांगतो की राज्यच धर्माच्या डोक्यावर बसतं. इस्लाम म्हणजे काय आणि मुसलमान कोण, हे ठरवण्याचा हक्क सरकारकडे जातो, आणि त्याची झळ श्रद्धावान मुसलमानाला इतर कुणाइतकीच बसते, अनेकदा सगळ्यांच्या आधी. म्हणून ‘इस्लामला लोकशाही मंजूर आहे का’ हा प्रश्नच मला फसवा वाटतो. विचारायला हवं ते असं : या राज्यात शेवटचा शब्द कुणाचा, आणि तो चुकला तर त्याला बदलता येतं का?

विरुद्ध बाजूचं सगळ्यात बळकट म्हणणं त्या परिसंवादात कुणी मांडलंच नाही, म्हणून ते मीच मांडतो. मुस्लिम देशांमध्ये धर्मनिरपेक्षता बहुतेक वेळा दंडुक्यासोबत आली. १९३६ साली इराणच्या रेझा शाहनं बुरख्यावर बंदी घातली तेव्हा पोलीस रस्त्यात बायकांच्या डोक्यावरची चादर ओढून काढत होते. कितीतरी बायका त्या भीतीनं घराबाहेरच पडेनाशा झाल्या. त्याच्या मुलाच्या काळात, १९५३ मध्ये, पंतप्रधान मोसादेघ यांचं सरकार अमेरिका आणि ब्रिटनच्या मदतीनं उलथवलं गेलं, आणि नंतर सावाक या गुप्त पोलिसांचं राज्य आलं. तुर्कस्तानात १९९९ साली मर्वे कावाकची रीतसर निवडून आल्या, पण डोक्याला रुमाल बांधून आल्या म्हणून त्यांना संसदेत शपथ घेऊ दिली नाही. अल्जीरियात डिसेंबर १९९१ च्या पहिल्या फेरीत इस्लामी आघाडी जिंकू लागली, तर लष्करानं निवडणूकच मोडीत काढली, आणि देश दहा वर्षं रक्तात बुडाला. हे सगळं ज्यानं भोगलं त्याला ‘धर्मनिरपेक्ष’ हा शब्द ऐकून बूट आठवत असतील, तर त्याचं काय चुकलं? शिवाय १९७९ च्या मार्चअखेर इराणी जनतेनं सार्वमतात ९८ टक्क्यांहून जास्त मतं इस्लामी प्रजासत्ताकाच्या बाजूनं दिली. लोकांनी मागितलं, लोकांना मिळालं. आपण कोण नाक मुरडणारे?

हे सगळं मला मान्य आहे. शाहचं राज्य जुलमी होतं आणि त्याविरुद्ध रस्त्यावर उतरलेली माणसं खरी होती. पण त्यांना मतपेटीपाशी नेमकं काय विचारलं गेलं ते पाहा. ‘इस्लामी प्रजासत्ताक : होय की नाही’, एवढंच. हंगामी पंतप्रधान मेहदी बाझरगान यांचा आग्रह होता की नाव ‘लोकशाहीवादी इस्लामी प्रजासत्ताक’ असावं. शाहविरुद्धच्या क्रांतीचे नेते अयातुल्ला खोमेनींनी ठणकावलं, इस्लामी प्रजासत्ताक, एक शब्द कमी नाही आणि एक शब्द जास्त नाही. लोकांनी होय म्हटलं त्या दिवशी राज्यघटना लिहूनही झालेली नव्हती. जूनमध्ये जो पहिला मसुदा बाहेर आला त्यात ‘विलायत-ए-फकीह’, म्हणजे सगळ्यांच्या वर एका धर्मशास्त्र्याची सत्ता, हे कलमच नव्हतं. ते नंतर तज्ज्ञांच्या सभेनं घातलं. कोरा कागद दाखवून सही घ्यायची आणि मग वरती मजकूर लिहायचा, असं सावकार करायचा तेव्हा आपण त्याला संमती म्हणत होतो का?

२००९ साली पुण्यात कोंढव्याला माझ्या शेजारच्या फ्लॅटमध्ये एक इराणी विद्यार्थी राहायचा. पीएचडी करत होता, तिशीतला, अबोल. एका रात्री त्यानं मला आपली जन्मनोंदीची पुस्तिका दाखवली. तिला ते शनासनामे म्हणतात. पुढच्या पानांवर नाव, आईवडिलांची नावं. मागच्या पानांवर गोल शिक्के, काही ठसठशीत, काही शाई पसरलेले. प्रत्येक मतदानाचा एक. शिक्क्यांवरून अंगठा फिरवत तो म्हणाला, “मत मी दर वेळी दिलंय. ज्याला द्यायचं होतं तो यादीत असायचाच असं नाही.” त्या जूनमधल्या निवडणुकीनंतर तेहरानच्या रस्त्यांवर लाखो माणसं ‘माझं मत कुठाय’ असं विचारत उतरली होती, आणि हा इथे पंख्याखाली बसून मोबाइलवर एकेका मित्राचा नंबर लावत होता.

ती यादी बनते कशी? गार्डियन कौन्सिल नावाची बारा जणांची परिषद आहे. सहा धर्मशास्त्री थेट सर्वोच्च नेता, म्हणजे तोच सगळ्यांच्या वरचा धर्मशास्त्री, नेमतो. उरलेल्या सहा कायदेपंडितांची नावं न्यायव्यवस्थेचा प्रमुख सुचवतो आणि मजलिस, म्हणजे संसद, त्यातून निवडते. हा प्रमुखही नेत्यानंच नेमलेला. ही परिषद मजलिसचा कुठलाही कायदा इस्लामविरोधी ठरवून परत पाठवू शकते आणि उमेदवारांना चाळणी लावते. नेत्याला निवडायचा आणि काढायचा अधिकार कागदोपत्री तज्ज्ञ मंडळाला आहे, ते मंडळ लोक निवडून देतात, पण त्याचे उमेदवारही हीच परिषद चाळते. म्हणजे नेता ज्यांना नेमतो, ते अशांना पसंत करतात, जे पुढे नेत्यावर लक्ष ठेवणार! २०१३ मध्ये क्रांतीच्या खांबांपैकी एक असलेले माजी राष्ट्राध्यक्ष रफसंजानी याच चाळणीत अडकले. २०१६ मध्ये तज्ज्ञ मंडळासाठी उभे राहू पाहणारे हसन खोमेनी अपात्र ठरले. हे स्वतः धर्मशास्त्री, आणि प्रजासत्ताक स्थापन करणाऱ्या खोमेनींचे सख्खे नातू. २०२१ च्या अध्यक्षीय निवडणुकीला ५९२ जणांनी अर्ज भरले, परिषदेनं ७ ठेवले. मतदान अर्ध्यावरही गेलं नाही, आणि मोजणीत विजेत्याच्या खालोखाल आकडा होता तो बाद मतांचा. लोक रांगेत उभे राहिले, आत गेले आणि कागद कोरा किंवा खराब करून पेटीत टाकून आले.

इथवर आलं की परिसंवादातला दुसरा वक्ता टेबलावर हात आपटेल. बघा, मी म्हणत होतो ना, इस्लाम म्हणजे हेच! त्याला मी कुम या धर्मशिक्षणाच्या शहरात आणि तेहरानमध्ये धर्मगुरूंचं काय झालं ते विचारेन. अयातुल्ला शरियतमदारी हे १९७९ च्या आधी इराणातले सर्वांत आदरणीय मरजांपैकी, म्हणजे शियांच्या सर्वोच्च धर्मगुरूंपैकी एक, खोमेनींचा जीव वाचवण्यासाठी १९६३ मध्ये धडपडलेले. त्यांनी विलायत-ए-फकीहला विरोध केला. १९८२ मध्ये त्यांची धार्मिक पदवी काढून घेतली गेली आणि मरेपर्यंत ते नजरकैदेत राहिले. शिया परंपरेत मरजा कुणी नेमत नाही, म्हणून त्याला कुणी काढूही शकत नाही. श्रद्धावान माणसं आपापल्या विश्वासानं त्याच्यामागे जातात. शेकडो वर्षांचा हा मोकळेपणा कुणी मोडला? शाहनं नव्हे, इस्लामी प्रजासत्ताकानं. अयातुल्ला मोंतझेरी खोमेनींचे नियुक्त वारस होते. १९८८ मध्ये तुरुंगातल्या हजारो कैद्यांना फासावर दिलं गेलं तेव्हा त्यांनी लेखी निषेध केला, आणि मार्च १९८९ मध्ये वारसा गेला. मग खोमेनींच्या मृत्यूनंतर नवा नेता हवा होता, पण जे नाव पुढे आलं ते अली खामेनेईंचं, आणि ते मरजा नव्हते. घटनेत मरजा असण्याची अट होती. अटच काढून टाकली. सर्वांत ज्ञानी धर्मशास्त्र्यानं राज्य करावं, या तत्त्वावर उभारलेल्या राज्यात पहिल्याच वारसाच्या वेळी ज्ञानाची अट अडचणीची झाली.

याहून बोलकं आहे ते ६ जानेवारी १९८८ चं खोमेनींचं पत्र. तेव्हा राष्ट्राध्यक्ष असलेले खामेनेई जुम्म्याच्या खुतब्यात, म्हणजे प्रवचनात म्हणाले होते की सरकारचे अधिकार शरियतच्या चौकटीतलेच आहेत. खोमेनींनी जाहीर पत्र लिहून त्यांना झापलं. राज्यसत्ता हीच इस्लामच्या मूळ आज्ञांपैकी एक आहे, ती नमाज, रोजा आणि हजच्याही आधी येते. गरज पडली तर सरकार रस्त्यात येणारी मशीद पाडू शकतं, हज काही काळ थांबवू शकतं. हे कुठल्या धर्मबुडव्यानं लिहिलेलं नाही. धर्मराज्य कल्पिणाऱ्या, त्यासाठी चौदा वर्षांहून जास्त काळ परागंदा राहिलेल्या माणसाला राज्य चालवताना जे दिसलं, ते त्यानं प्रामाणिकपणे लिहिलं. राज्य आणि धर्म एकाच हातात आले की अडचणीच्या दिवशी वाट कोण सोडतो, याचं उत्तर त्या पत्रात आहे.

पाकिस्तानात हीच गोष्ट धर्मगुरूंविना घडली, आणि मला ती जास्त शिकवून जाते. १३ डिसेंबर १९४६ ला दिल्लीत नेहरूंनी उद्दिष्टांचा ठराव मांडला. त्यात सत्तेचा उगम लोक. मार्च १९४९ मध्ये कराचीत पंतप्रधान लियाकत अली खान यांनी त्याच नावाचा ठराव मांडला. त्यात सार्वभौमत्व अल्लाहचं, आणि लोकांमार्फत राज्याला सोपवलेला अधिकार म्हणजे पवित्र ठेव. लियाकत अली काही कट्टर नव्हते. अल्पसंख्याकांचे हक्क, लोकशाही, सहिष्णुता सगळं ठरावात होतं. पूर्व बंगालमधले जुने क्रांतिकारक भूपेंद्रकुमार दत्त विरोधात उभे राहिले. त्यांचा मुद्दा हिंदूंपुरता नव्हता. उद्या एखादा सत्तालोभी धाडसी माणूस उठेल आणि या ठरावाचा आधार घेऊन आपली मर्जी लादेल, असा इशारा त्यांनी दिला. त्यांच्या बाजूच्या सगळ्या दुरुस्त्या फेटाळल्या गेल्या. अठ्ठावीस वर्षांनी, ५ जुलै १९७७ ला, जनरल झिया लष्करी बंड करून सत्तेवर आले. डिसेंबर १९८४ मध्ये त्यांनी सार्वमत घेतलं. प्रश्न होता, इस्लामीकरण आपल्याला मान्य आहे का. होय म्हणाल तर झिया पाच वर्षं राष्ट्राध्यक्ष. आता सांगा, नमाजी माणसानं त्या कागदावर काय लिहायचं होतं? ‘नाही’ म्हणून इस्लाम नाकारायचा, की ‘होय’ म्हणून जनरलला बसवायचं?

मुसलमान कोण, हा प्रश्न तर पाकिस्तानात सरकार दरबारीच गेला. १९५३ मध्ये लाहोरात अहमदिया पंथाविरुद्ध दंगली झाल्या, त्यांच्या चौकशीत न्यायमूर्ती मुनीर आणि कयानी यांनी एकेका मोठ्या आलिमाला, म्हणजे धर्मपंडिताला, बोलावून विचारलं, मुसलमानाची व्याख्या सांगा. अहवालाचा निष्कर्ष असा की कुणाही दोघांचं एकमत झालं नाही. (हेच मुनीर पुढे लष्करी सत्तेला कायदेशीर ठरवणारा निकाल देऊन बसले; विद्वत्ता आणि कणा नेहमी एकत्र येत नाहीत.) आलिमांना जे जमलं नाही ते ७ सप्टेंबर १९७४ ला संसदेनं केलं. अहमदिया मुसलमान नाहीत, असं घटनेत लिहिलं. हे करणारे झुल्फिकार अली भुट्टो तर समाजवादी म्हणवणारे. १९८४ मध्ये झियांच्या अध्यादेशानं अहमदियांनी आपल्या प्रार्थनास्थळाला मशीद म्हणणं हाही गुन्हा झाला. रबवाह या अहमदियांच्या गावातल्या दफनभूमीत पदार्थवैज्ञानिक अब्दुस सलाम यांची कबर आहे, १९७९ च्या नोबेलचे मानकरी. शिळेवर इंग्रजीत ‘पहिले मुस्लिम नोबेल विजेते’ असं कोरलेलं होतं. अधिकाऱ्यांच्या हुकमावरून ‘मुस्लिम’ हा शब्द पुसला गेला. आता वाक्य उरलंय ते ‘पहिले’, मग मोकळी जागा, मग ‘नोबेल विजेते’. वाचलं तर धड अर्थही लागत नाही.

आणि जकात. वर्षभर साठून राहिलेल्या संपत्तीतला चाळिसावा हिस्सा गरिबाला द्यायचा, हे मुसलमानाचं अल्लाहशी असलेलं देणं. १९८० मध्ये झियांनी रमजानच्या पहिल्या दिवशी बचत खात्यांतून अडीच टक्के थेट कापून घ्यायला सुरुवात केली. शिया म्हणाले, आमच्या फिकहमध्ये, म्हणजे धर्मशास्त्रात, जकात सरकारला द्यायची नसते, आणि इस्लामाबादेत सचिवालयाला घेराव घालून त्यांनी सूट मिळवली. बाकीच्यांनी रमजान तोंडावर आला की बँकेतून पैसे काढून घ्यायची वाट शोधली. जी माणसं स्वतःहून शेजारच्या विधवेच्या दारी जाऊन जकात देत, तीच करचुकव्यासारखी बँकेच्या रांगेत उभी राहू लागली. दुसऱ्या कुठल्या मार्गानं हे साधलं असतं?

‘सार्वभौमत्व अल्लाहचं’ म्हटल्यानं राजाला लगाम बसतो, हा युक्तिवाद मात्र गंभीरपणे घ्यायला हवा. जमात-ए-इस्लामीचे संस्थापक मौलाना मौदुदींनी तो मांडला. (जन्मानं ते औरंगाबादचे, म्हणजे आपल्याच मातीतले.) बहुमतालाही मर्यादा हवी, संसदही जुलमी होऊ शकते, हे बरोबरच आहे. पण लगाम धरणारा हात कुणाचा? इस्लामच्या इतिहासात हा प्रश्न पहिल्या शतकातच उभा राहिला. सिफ्फीनच्या लढाईनंतर खलिफा अलींच्याच गोटातून फुटलेले खारिजी ‘हुकूम फक्त अल्लाहचा’ अशी घोषणा देत त्यांच्यावर उलटले. परंपरा सांगते, अली म्हणाले, शब्द खरे आहेत, हेतू खोटा आहे. आणि असंही म्हणाले की कुराण दोन पुठ्ठ्यांमध्ये लिहिलेलं आहे, ते स्वतः बोलत नाही, त्याच्या वतीनं माणसं बोलतात. त्या परिसंवादात हुकमाची तीच आयत वाजली, आणि पैगंबरांच्या जावयानं तिला दिलेलं उत्तर कुणाला आठवलं नाही.

अब्बासी खलिफा मामूननं इ. स. ८३३ मध्ये फर्मान काढलं की कुराण ही निर्मिलेली गोष्ट आहे, असं प्रत्येक काझीनं कबूल करावं. इमाम अहमद इब्न हनबल कबूल झाले नाहीत. तुरुंगात गेले, पुढच्या खलिफाच्या काळात फटके खाल्ले. पंधरा-सोळा वर्षांनी राज्यानंच ती चौकशी गुंडाळली, आणि धर्माचा अर्थ खलिफानं नव्हे, आलिमांनी लावायचा, ही वहिवाट पक्की झाली. सगळं आलबेल होतं असं नाही. आलिमही कठोर होते, बायकांना आणि बिगरमुस्लिमांना समान हक्क तिथेही नव्हते. पण दमास्कसला एक मत आणि कैरोला दुसरं, चार मझहब, म्हणजे धर्मशास्त्राच्या शाखा, शेजारी शेजारी, आणि एका मुफ्तीचा फतवा पटला नाही तर दुसऱ्या मुफ्तीकडे जायची सोय, हे हजारएक वर्षं चाललं. ज्याला लोक ‘परंपरेकडे परतणं’ म्हणतात ते इस्लामी प्रजासत्ताक विसाव्या शतकातल्या छापील कायद्याचं, पोलिसांचं आणि खात्यांचं अपत्य आहे. मामूनकडे पासपोर्टचा अर्ज नव्हता. पाकिस्तानात आहे, आणि त्यावर मुसलमान म्हणून सही करायची तर अहमदिया पंथाचे संस्थापक मिर्झा गुलाम अहमद यांना तोतया म्हणावं लागतं.

इंग्लंडचं उदाहरण हमखास पुढे येतं. तिथे राजा चर्चचा प्रमुख, २६ बिशप वरिष्ठ सभागृहात, मग इराणलाच का बोलता? ते बिशप कुणाची उमेदवारी रद्द करू शकत नाहीत, हे पहिलं उत्तर. दुसरं मला अधिक महत्त्वाचं वाटतं. १९२७ आणि १९२८ मध्ये चर्चनं आपलं प्रार्थनेचं पुस्तक सुधारलं, आणि संसदेनं दोन्ही वेळा ते फेटाळलं. देवाची प्रार्थना कशी करायची यावर खासदारांनी मतदान केलं, त्यात चर्चला न मानणारेही होते. सरकारी धर्माला द्यावी लागणारी किंमत तिथेही हीच आहे, फक्त तिथे फटके नाहीत.

‘धर्म आणि राज्य वेगळं ठेवणं मुसलमानांना सुचणारच नाही’ म्हणणाऱ्यांसाठी दोन नावं. १८ ऑगस्ट १९४५ ला, इंडोनेशिया स्वतंत्र झाल्याच्या दुसऱ्या दिवशी, मुसलमानांवर शरियत बंधनकारक करणारे सात शब्द घटनेच्या उद्देशिकेतून वगळले गेले, आणि त्याला मुहम्मदियासारख्या मोठ्या धार्मिक संघटनेचे प्रमुख राजी झाले. तिथे ईशनिंदेचा कायदा आहे आणि तो वाईट आहे, पण राष्ट्राध्यक्षपदाचे अर्ज कुठला मौलवी चाळत नाही. दुसरं नाव इराकमधल्या नजफच्या अयातुल्ला सिस्तानींचं. जून २००३ मध्ये इराक अमेरिकेच्या ताब्यात असताना त्यांनी फतवा काढला की इराकची घटना लोकांनी निवडलेल्या सभेनंच लिहावी. अमेरिकन प्रशासकाला आपला बेत बदलावा लागला. त्यांनी स्वतः कुठलंही पद घेतलं नाही. त्यांचा शब्द चालला तो लोक ऐकत होते म्हणून, हातात पोलीस होते म्हणून नव्हे.

आणि आपण? १७ ऑक्टोबर १९४९ ला दिल्लीच्या घटना समितीत ह. वि. कामत यांनी सुचवलं की उद्देशिकेची सुरुवात ‘ईश्वराच्या नावानं’ अशी करावी. पूर्णिमा बॅनर्जींनी त्यांना विनवलं की देवावर मत द्यायची पाळी आमच्यावर आणू नका. कुंझरू म्हणाले, श्रद्धेचं स्वातंत्र्य देणाऱ्या उद्देशिकेतच हे विसंगत आहे. कामत हटले नाहीत, मतदान झालं : बाजूनं ४१, विरोधात ६८. विरोधात हात वर करणाऱ्यांत देव मानणारे पुष्कळ होते. कराचीच्या ठरावाला तेव्हा सात महिने झाले होते. आपल्या याच देशात, १८ एप्रिल १९६६ ला हमीद दलवाई सात मुस्लिम बायकांना घेऊन मुंबईत विधान भवनावर तोंडी तलाकविरुद्ध मोर्चा नेऊ शकले. त्यांना विरोध प्रचंड झाला. पण त्यांना मुसलमान म्हणायचं की नाही, हे ठरवणारा सरकारी रकाना नव्हता. आज इराणकडे बोट दाखवून ‘त्यांचा धर्मच तसा’ म्हणणारे आणि इकडे आपल्या धर्माचा रकाना सरकारी कागदावर आणू पाहणारे अनेकदा एकच असतात. त्यांना मला विचारायचंय, चाळणी कुणाच्या हातात देणार आहात, आणि उद्या तिच्यात तुमचा नातू अडकला तर?

२०२२ च्या सप्टेंबरात महसा अमिनी या बावीस वर्षांच्या मुलीचा हिजाबवरून अटकेत असताना मृत्यू झाला, आणि नंतरच्या महिन्यांत इराणी शहरांत पोरं रस्त्यानं चाललेल्या मौलवींच्या डोक्यावरचे फेटे मागून टपली मारून पाडू लागली. तशी एक चित्रफीत मी पाहिली, आणि तिच्यातल्या म्हाताऱ्या मौलवीकडे पाहून मला वाईट वाटलं. तो कदाचित कुठल्या गावात अंत्यविधी करून पोट भरणारा असेल. राज्याचा राग त्याच्या फेट्यावर निघाला, कारण राज्यानं तोच फेटा घातला होता.

कोंढव्यातला तो विद्यार्थी पाच वेळा नमाज पढायचा, रोजे धरायचा. शुक्रवारी दुपारी लॅब सोडून कॅम्पातल्या मशिदीत जायचा. सुन्नींची मशीद, हा शिया, हात सोडून उभा राहायचा, कुणी काही म्हणत नसे. मी एकदा विचारलं, तेहरानलाही असाच दर शुक्रवारी जायचास का? तो म्हणाला, “तिथे कधीच नाही. तिथे खुतबा देणारा नेत्यानं नेमलेला असतो.”